गुपितं बाहेर देऊन कंपन्यांना मिळतं काय?

तुमचा प्रश्न आधी माझ्या शब्दांत मांडतो, म्हणजे उत्तर भरकटणार नाही. शिरोली एमआयडीसीत घरची फौंड्री आहे, पंपांची आणि व्हॉल्व्हची कास्टिंग्ज, १८० माणसं. एक सल्लागार येऊन सांगून गेलाय की जगातल्या मोठ्या कंपन्या ओपन इनोव्हेशन करतात, म्हणजे नवं शोधताना कंपनीबाहेरच्यांशी ज्ञानाची देवाणघेवाण करतात, तुम्हीही करा, आणि त्यासाठी एका प्लॅटफॉर्मचं वर्षाला सहा लाखांचं सदस्यत्व घ्या. वडील म्हणतात, चाळीस वर्षं जे झाकून ठेवलं ते आता चव्हाट्यावर मांडायचं का? आणि तुम्हाला कळत नाहीये की मोठ्या कंपन्या हे खरंच फायद्यासाठी करतात की ती एक फॅशन आहे.

मी भोसरी-चाकण पट्ट्यात २६ वर्षं आर अँड डीमध्ये, म्हणजे संशोधन आणि विकासात, काढली. त्यातली शेवटची दहा-बारा वर्षं माझं कामच हे होतं की कंपनीचे अडलेले प्रश्न घेऊन बाहेर फिरायचं आणि उत्तर घेऊन परत यायचं. आता मध्यम आकाराच्या कंपन्यांना हेच करायला मदत करतो. तेव्हा मी या विषयाच्या बाजूचा माणूस आहे हे धरून वाचा. तरीही सांगतो, तुमच्या वडिलांची शंका सल्लागाराच्या उत्तरापेक्षा जास्त मुद्द्याची आहे.

गोंधळ असा होतो की या एका नावाखाली दोन वेगळी कामं येतात. एक म्हणजे बाहेरचं ज्ञान आत आणणं. दुसरं म्हणजे आपल्याकडचं ज्ञान बाहेर देणं: लायसन्स देऊन, भागीदारीत, कधी चक्क फुकट. पहिल्या कामात तुमच्या दारातून बाहेर जातो तो फक्त प्रश्न, उत्तर आत येतं. वडील घाबरतायत ते दुसऱ्या कामाला. कंपन्या करतात त्यातलं बहुतेक पहिलंच असतं, पण बोलताना सगळे ‘दारं उघडा’ असंच म्हणतात, आणि मग चाळीस वर्षं धंदा केलेल्या माणसाला ते दरोड्याचं आमंत्रण वाटतं.

नाव तसं नवं आहे. हेन्री चेसब्रो या अमेरिकी प्राध्यापकांनी २००३ साली ते रूढ केलं. प्रकार मात्र जुना. ब्रिटिश पार्लमेंटने १७१४ मध्ये समुद्रावर जहाजाचं रेखांश ठरवण्याच्या रीतीला २० हजार पौंडांपर्यंतचं बक्षीस लावलं होतं. शहाणी माणसं उत्तर आकाशात, चंद्र-ताऱ्यांच्या कोष्टकांत शोधत होती. उत्तर आणलं जॉन हॅरिसन या सुतारकाम शिकलेल्या घड्याळजीने, डुलत्या जहाजावरही वेळ न चुकवणारं घड्याळ बनवून: घरची वेळ आणि जिथे आहोत तिथली वेळ यांतल्या फरकावरून रेखांश निघतो. पैसे सुटता सुटता तो ऐंशीचा झाला, ही गोष्टीची दुसरी बाजू. बक्षीस लावणाऱ्यांनी ती विसरू नये.

आता ‘का’ या प्रश्नाकडे. भाषणात कारणं भरपूर सांगतात. मी जवळून पाहिलेल्या कंपन्यांत खरं कारण जवळपास प्रत्येक वेळी हिशेबाचं होतं. सगळं घरात शोधण्याचा खर्च वाढत गेला आणि त्यातून निघणारा माल वाढेना.

याचं मला सगळ्यात स्पष्ट वाटणारं उदाहरण प्रॉक्टर अँड गँबलचं, म्हणजे आपल्याकडे टाइड-एरियल विकणारी तीच पी अँड जी. २००० साली त्यांच्या शेअरचा भाव काही महिन्यांत निम्म्याहून खाली आला. आर अँड डीचा खर्च विक्रीपेक्षा वेगाने वाढत होता आणि बाजारात आणलेल्या नव्या मालापैकी ठरलेलं उत्पन्न गाठणारा माल ३५ टक्क्यांच्या आसपास अडकून पडला होता. घरात ७,५०० संशोधक. त्यांनी अंदाज बांधला की आपल्या एकेका संशोधकामागे त्याच तोडीचे २०० लोक जगात दुसरीकडे कामाला आहेत, म्हणजे साधारण १५ लाख. एवढ्यांना पगार देणं शक्य नाही, पण त्यांच्यातल्या एखाद्याने आधीच सोडवलेलं गणित विकत घेणं शक्य आहे. नवे सीईओ ए. जी. लाफ्ली यांनी उद्दिष्ट दिलं की निम्मी नवी उत्पादनं बाहेरून यावीत. इथे एक बारकावा आहे जो सल्लागार बहुधा सांगत नाहीत. ७,५०० माणसं कमी करायची असं त्यांनी म्हटलं नव्हतं. निम्मी उत्पादनं आमच्या प्रयोगशाळांतून यावीत आणि निम्मी आमच्या प्रयोगशाळांच्या हातून यावीत, असा तो विचार होता. २००६ पर्यंत त्यांच्या नव्या उत्पादनांपैकी ३५ टक्क्यांहून जास्तींत बाहेरून आलेला काही ना काही भाग होता. २००० मध्ये तेच प्रमाण १५ टक्क्यांच्या आसपास होतं.

प्रिंगल्सची गोष्ट यातलीच. तेव्हा प्रिंगल्स पी अँड जीच्या मालकीचं होतं. २००२ मध्ये कोणाच्या तरी डोक्यात आलं की बटाट्याच्या प्रत्येक चकतीवर चित्रं, कोडी, विनोद छापावेत. कल्पना गमतीची, पण काम कठीण. छपाई करायची ती चकती तळून निघाल्याबरोबर, गरम आणि दमट असताना, आणि मिनिटाला हजारोंच्या वेगाने. घरात बसून केलं असतं तर नेहमीच्या रीतीने वर्षं-दोन वर्षं, शिवाय यंत्र बनवणाऱ्याशी हक्कांची ओढाताण. त्यांनी केलं असं की प्रश्न नेमक्या शब्दांत लिहिला आणि आपल्या जगभरच्या ओळखीपाळखीतून फिरवला. इटलीत बोलोन्या शहरात एक छोटी बेकरी सापडली. ती चालवणाऱ्या प्राध्यापकाने केक-बिस्किटांवर खाण्याच्या शाईने चित्रं छापायची रीत शोधली होती. ती घेऊन २००४ मध्ये माल बाजारात आला.

या गोष्टीत बेकरीवाल्याच्या हाती पी अँड जीचं कुठलं गुपित लागलं? काही नाही. ना पिठाचं मिश्रण, ना तळणीचं तापमान. फक्त एवढं कळलं की कोणाला तरी खाण्याच्या पदार्थावर छापायचंय.

माझ्या स्वतःच्या कामातलं एक सांगतो, आकाराने तुमच्या जवळचं. आम्ही गाडीत लागणारा नायलॉनचा एक छोटा भाग मोल्ड करायचो. साच्याच्या जोडावर पापुद्र्यासारखा फ्लॅश यायचा. तो काढायला पाळीत चौदा बायका ब्लेड घेऊन बसलेल्या असायच्या, आणि ब्लेडचा ओरखडा बसला की माल ग्राहकाकडून परत. आम्ही दीड वर्ष साचा सुधारत बसलो. आमच्या दृष्टीने प्रश्न साच्याचा होता, कारण आम्ही सगळे साच्यातली माणसं. शेवटी मी प्रश्न पुन्हा लिहिला आणि त्यातून नायलॉन, साचा, गाडी हे सगळे शब्द काढून टाकले. उरलं ते असं: ‘जाड वस्तूच्या कडेला चिकटलेला पातळ लवचिक पापुद्रा, वस्तूला हात न लावता काढायचा आहे.’ हा कागद घेऊन चार वेगळ्या धंद्यांतल्या माणसांना भेटलो. रबराच्या ओ-रिंग बनवणारे एक गृहस्थ कागद वाचून हसले. म्हणाले, “अहो, हे आम्ही रोज करतो. द्रवरूप नायट्रोजनने गार करा आणि ड्रममध्ये फिरवा. पातळ भाग आधी ठिसूळ होतो, आपोआप मोडून पडतो.” तीन महिन्यांत लाइन बसली. त्या धंद्यात ती रीत इतकी मामुली होती की त्याला कोणी शोध म्हणत नव्हतं.

म्हणून माझं म्हणणं असं की कंपन्या बाहेर जातात ते बाहेरचे लोक जास्त हुशार असतात म्हणून नव्हे. तुमचा अवघड प्रश्न दुसऱ्या कुठल्या तरी धंद्यात रोजची हमाली असतो. अलास्कात समुद्रात सांडलेलं तेल गोळा करून बार्जमध्ये भरलं की ते थंडीने पाण्यासकट इतकं घट्ट व्हायचं की पंप करता येईना. तिथल्या तेलगळतीवर काम करणाऱ्या संस्थेने २००७ मध्ये हा प्रश्न इनोसेंटिव्ह या मंचावर २० हजार डॉलरचं बक्षीस लावून ठेवला. इनोसेंटिव्ह म्हणजे एलाय लिली या औषध कंपनीने २००१ मध्ये उभा केलेला, अडलेले प्रश्न जगापुढे मांडायचा उद्योग. उत्तर दिलं इलिनॉयमधल्या जॉन डेव्हिस या रसायनतज्ज्ञाने. त्याला तेलधंद्याची काही माहिती नव्हती, पण काँक्रीट ओतताना वापरतात तो व्हायब्रेटर त्याने पाहिलेला होता. आपल्याकडे स्लॅबच्या दिवशी घुर्र आवाज करत फिरवतात तोच. हलत राहिलेलं काँक्रीट वाहतं, तर हलत राहिलेलं तेलही वाहील.

आता वडिलांच्या भीतीकडे येतो, कारण काही कंपन्यांनी खरोखर गुपितं बाहेर दिली आहेत.

गोल्डकॉर्प ही कॅनडाची सोन्याच्या खाणीची कंपनी. ऑन्टारिओत रेड लेक इथली त्यांची खाण थकत चालली होती. त्यांच्याच भूगर्भतज्ज्ञांना पुढे सोनं नेमकं कुठे आहे ते सांगता येईना. खाणधंद्यात भूगर्भाची माहिती म्हणजे तिजोरीची किल्ली, ती कोणी कोणाला दाखवत नाही. मार्च २००० मध्ये कंपनीचे प्रमुख रॉब मॅकएवन यांनी ५५ हजार एकरांची सगळी माहिती इंटरनेटवर टाकली आणि कुठे खणायचं ते सांगणाऱ्यांना मिळून ५ लाख ७५ हजार डॉलरची बक्षिसं लावली. जगभरातून आलेल्या उत्तरांतून ११० जागा पुढे आल्या. त्यातल्या निम्म्या कंपनीच्या माणसांनी कधी विचारातही घेतल्या नव्हत्या, आणि बहुतेक ठिकाणी सोनं लागलं. पहिलं बक्षीस ऑस्ट्रेलियातल्या लोकांनी नेलं, आणि त्यांनी उत्तर दिलं ते खाण न पाहता, संगणकावर जमिनीचं त्रिमितीय चित्र उभं करून.

ही गोष्ट धाडसाची म्हणून सांगतात. मला ती थंड डोक्याची वाटते. सोनं कुठे आहे हे सगळ्या जगाला कळलं, तरी खणायचा हक्क कोणाकडे? गोल्डकॉर्पकडेच. माहिती बाहेर गेली, पण त्या माहितीचा पैसा करायला जी गोष्ट लागते ती घरात राहिली. तुम्ही काहीही बाहेर देण्याआधी हा एकच प्रश्न वडिलांसोबत बसून सोडवा: ही माहिती शेजाऱ्याला मिळाली, तर त्याला तिचे पैसे करता येतील का? त्याच्याकडे तुमची भट्टी, तुमची माणसं, तुमच्या ग्राहकाची मंजुरी आहे का? येतील असं उत्तर आलं तर झाका. नसतील येत, तर आतापर्यंत उगाच झाकत होता.

फुकट देण्याचंही असंच. व्होल्वोने १९५९ मध्ये आणलेल्या तीन-बिंदू सीटबेल्टचं पेटंट इतर कार कंपन्यांना वापरू दिलं. त्यात माणुसकी होतीच, पण सुरक्षित गाडी म्हटलं की व्होल्वो हे नावही त्यातून घट्ट झालं. उलट बाजूला झेरॉक्स. कॅलिफोर्नियातल्या त्यांच्या प्रयोगशाळेत काय पिकलं नाही! संगणक एकमेकांना जोडणारं इथरनेट तिथलं, आज आपण वापरतो त्या खिडक्या-चिन्हांच्या संगणकाचं मूळ तिथलं. कंपनीला त्यातलं बरंचसं आपल्या कॉपी यंत्रांच्या धंद्यात बसवता येईना. रॉबर्ट मेटकाफ बाहेर पडले, त्यांनी १९७९ मध्ये थ्रीकॉम काढली. जॉन वॉर्नॉक आणि चार्ल्स गेश्की बाहेर पडले, त्यांनी १९८२ मध्ये अडोबी काढली. पिकतं तिथे विकत नाही, ते असं. चेसब्रो यांनी झेरॉक्समधून फुटलेल्या या कंपन्यांचा बारकाईने अभ्यास केला होता आणि त्यातूनच त्यांचा हा सगळा विचार पुढे गेला. झाकून ठेवलेलं टिकतं, ही समजूतच मुळात कच्ची आहे. माणूस नोकरी सोडतो आणि गुपित त्याच्या डोक्यातून चालत जातं. तुमच्या शिरोलीत तर मोल्डर हजार-दीड हजार जास्त मिळाले की पुढच्या गल्लीतल्या शेडमध्ये जातो. चाळीस वर्षं झाकलेल्यातलं निम्मं आधीच शेजारी पोचलेलं असणार.

आपल्या जवळचं एक उदाहरण मला सगळ्यांत आवडतं, कारण त्यात आत आणणं आणि बाहेर देणं दोन्ही दिसतं. आफ्रिकेत सहाराच्या खालच्या पट्ट्यात मेनिंजायटिस ‘ए’च्या साथी यायच्या. १९९६-९७ च्या साथीत सुमारे अडीच लाख लोकांना लागण झाली, २५ हजार गेले. लस बनवायचं तंत्र जगात होतं, पण त्या देशांना एका डोसला ५० सेंटपेक्षा जास्त परवडणार नव्हते, म्हणून मोठ्या कंपन्यांना त्यात रस नव्हता. २००१ मध्ये पाथ ही संस्था आणि जागतिक आरोग्य संघटना यांनी गेट्स फाउंडेशनच्या पैशातून प्रकल्प सुरू केला. साखरेचा रेणू प्रथिनाला जोडायची रीत, ज्याला कॉन्जुगेशन म्हणतात, ती अमेरिकेच्या औषध नियामकाच्या प्रयोगशाळेतून आली. जंतूची ती साखर सुरुवातीला आली अ‍ॅमस्टरडॅममधल्या कंपनीकडून. आणि लस बनवली पुण्यात, हडपसरच्या सीरम इन्स्टिट्यूटने. डिसेंबर २०१० मध्ये बुर्किना फासोत मोहीम सुरू झाली, डोसची किंमत ५० सेंटच्या आत. पुढच्या दशकभरात ३० कोटींहून जास्त लोकांना ती टोचली गेली आणि त्या पट्ट्यातून ‘ए’ प्रकाराच्या साथी जवळपास संपल्या.

आता ‘का’ विचारा. नियामकाच्या प्रयोगशाळेला कारखाना नव्हता. पाथला धंदा करायचा नव्हता. सीरमला नफा किरकोळ, पण कॉन्जुगेट लशींचा हात बसला. पुढे न्यूमोसिल आणि मेनफाइव्ह या त्यांच्या लशीही त्याच कुळातल्या. प्रत्येकाकडे एक तुकडा होता, पूर्ण वस्तू कोणाकडेच नव्हती. आणि हेही बघा की ते तंत्र कोणाच्याही हातात दिलं असतं तर चाललं नसतं. सीरम धनुर्वाताची लस आधीपासून प्रचंड प्रमाणावर बनवत होती आणि साखर जोडायला लागणारं प्रथिन त्याच धनुर्वाताच्या टॉक्सॉइडचं, म्हणजे निष्प्रभ केलेल्या विषाचं. घ्यायला हात तयार होता.

‘बाहेरून सगळं मिळेल, मग घरात आर अँड डी कशाला?’ असं कोणी म्हणालं की मी याच ठिकाणी थांबवतो. कोहेन आणि लेव्हिन्थल या दोन अमेरिकी प्राध्यापकांनी १९९० मध्येच मांडलं होतं की बाहेरचं ज्ञान ओळखायला आणि पचवायला घरात आधीपासून काही ज्ञान असावं लागतं. आपल्या भाषेत, आडात नाही तर पोहऱ्यात कुठून येणार. ओ-रिंगवाल्यांनी नायट्रोजन सांगितला, पण नायलॉन किती गार केलं तर फ्लॅश तुटेल आणि मूळ भागाला चीर पडणार नाही हे ठरवायला आमच्याच माणसांना दोन महिने चाचण्या कराव्या लागल्या. ती माणसं नसती तर तो सल्ला हवेतच विरला असता.

आणि जिथे माणसं असतात तिथे दुसरा रोग असतो. आपला तो बाब्या, दुसऱ्याचं ते कार्टं. व्यवस्थापनाच्या पुस्तकांत याला लांबलचक नाव आहे, पण म्हण पुरेशी आहे. मी स्वतः याचा रोगी होतो. साधारण वीस वर्षांपूर्वी एका पुरवठादाराने आमच्या एका भागासाठी वेगळी पूड सुचवली. मी बैठकीत तिच्यात सात दोष दाखवले. दोष खरे होते, पण माझ्या स्वतःच्या पर्यायात नऊ होते आणि ते मी मोजलेच नव्हते. दोन वर्षांनी आम्ही तीच पूड दुप्पट भावाने दुसऱ्याकडून घेतली. तो पुरवठादार पुन्हा कधी काही सुचवायला आला नाही. मला वाटतं या सगळ्या विषयातला सगळ्यात महाग खर्च हा आहे, आणि तो ताळेबंदात कुठेच दिसत नाही.

याहून वाईट म्हणजे समारंभी प्रकार. एका कंपनीत मी सल्ला द्यायला गेलो तेव्हा तिथे नुकताच ‘इनोव्हेशन चॅलेंज’ होऊन गेला होता. फ्लेक्स, पाहुणे, कॉलेजच्या पोरांचे स्टॉल, तीनशेच्या वर कल्पना. त्या सगळ्या एका एक्सेलमध्ये पडून होत्या. वाचायला माणूस नेमला नव्हता, प्रयोगाला पैसा ठेवला नव्हता. पोरांनी चार-चार मेल केले, उत्तर नाही. पुढच्या वर्षी त्या कॉलेजातून एकही अर्ज आला नाही, यात नवल काय?

तुमच्या बाबतीत काही गोष्टी परिस्थितीवर अवलंबून आहेत आणि त्या मला इथून दिसत नाहीत. तुम्ही ग्राहकाच्या ड्रॉइंगवर माल बनवत असाल तर ते ड्रॉइंग तुमचं नाही. ते बाहेर दाखवायचा हक्कच तुम्हाला नाही, करार वाचा. तुमची ताकद एखाद्या मिश्रणात किंवा हीट ट्रीटमेंटच्या रीतीत असेल, जी एकदा कळली की कोणीही करू शकेल, तर ती झाकलेलीच बरी. तिथे वडिलांचं शंभर टक्के बरोबर आहे. कॉलेजबरोबर काम करणार असाल तर प्राध्यापकांशी आधीच बोला की पेपर छापण्याआधी पेटंटचा अर्ज होईल, कारण आधी छापलं की नावीन्य गेलं. प्रोव्हिजनल, म्हणजे तात्पुरता, अर्ज करून ठेवला तर पूर्ण अर्जाला १२ महिने मिळतात, लहान उद्योगांना शुल्कही कमी पडतं. आणि पुष्कळदा प्रश्न नव्या ज्ञानाचा नसतोच. साच्याच्या सँडची (वाळूची) ओल रोज मोजली जात नाही, वही संध्याकाळी एकदम भरली जाते, आणि आपण बंगळुरूच्या तज्ज्ञाला बोलावतो. काखेत कळसा. अशा ठिकाणी ओपन इनोव्हेशन म्हणजे नुसता खर्च.

प्लॅटफॉर्मच्या सहा लाखांबद्दल: पहिल्या वर्षी नको. त्या मंचांचा उपयोग आहे, पण ज्याला प्रश्न लिहिता येतो त्याला. प्रश्न लिहायला शिकणं फुकट आहे. एक प्रश्न निवडा, जो सुटला तर महिन्याला किती रुपये वाचतील ते तुम्हाला सांगता येतं असा. तो एका पानावर लिहा. फौंड्रीतला एकही शब्द न वापरता दुसऱ्यांदा लिहा. मग तो तीन ठिकाणी न्या: तुमचेच पुरवठादार, कारण वाळू बांधून ठेवणारं बाइंडर आणि रेझिन विकणारा पन्नास फौंड्र्या बघून येतो. जवळचं इंजिनिअरिंग कॉलेज. आणि पूर्ण वेगळ्या धंद्यातला एक माणूस, मग तो साखर कारखान्यातला केमिस्ट असो की बेकरीवाला. सहा लाखांतले दीड लाख फक्त प्रयोगांसाठी बाजूला ठेवा. तुमच्याकडच्या एका माणसाला आठवड्याचा एक दिवस याच कामाला द्या आणि त्याला हे सांगा की आलेल्या प्रत्येकाला पंधरा दिवसांत हो किंवा नाही कळवायचंच. वडिलांना ते दोन्ही कागद आधी वाचायला द्या. काय बाहेर जातंय ते त्यांना दिसलं की निम्मा वाद तिथेच मिटेल. उरलेला निम्मा कदाचित तुमच्या भल्याचाच असेल.

शेवटी, तुम्ही लिहिलंय की व्हॉल्व्ह बॉडीत पोरॉसिटी, म्हणजे धातूत बारीक भोकं, येते आणि रिजेक्शन वाढलंय, पण ती नेमकी कुठे येते ते लिहिलं नाही. दहा खराब कास्टिंग कापून बघा. भोकं जाड भागात, रायझरच्या (जादा धातू पुरवणाऱ्या साठ्याच्या) आसपास, खरबरीत आतल्या भिंतीची असतील तर धातू आकसताना पुरेसा पडत नाहीये. तेव्हा विचारायचं ते सिम्युलेशन करणाऱ्यांना. कोअरलगत (आतली पोकळी राखणाऱ्या वाळूच्या गाभ्यालगत), गोल आणि गुळगुळीत असतील तर वायू अडकतोय, आणि मग पहिला फोन कोअरच्या बाइंडरवाल्याला. फोटो काढा, प्रत्येकावर हीटचा (भट्टीच्या खेपेचा) नंबर आणि त्या दिवशीची सँडची ओल लिहा. ते फोटो पाहिल्यावर प्रश्नाचा कागद कसा लिहायचा ते आपण पुढे बोलू.